ताम्हणाचं भांडण

वन्सं, फ्लेक्सवाल्यानं तुमचे ओठ गुलाबी केलेत. नाकातली मोरणी पुसली, डोईवरचा पदर इस्त्री केल्यासारखा सपाट केला आणि मागं बर्फाचे डोंगर लावले. तुम्ही जन्मात बर्फ पाहिला तो उसाच्या रसातला. हेही मी चालवून घेतलं असतं. पण आमच्या चिरंजीवांनी, म्हणजे तुमच्या लाडक्या भाच्यानं, तो फ्लेक्स फाट्यावरच्या लिंबाला ठोकला. चार कोपऱ्यांना चार खिळे.

मुंबईत झाडांच्या अंगातले खिळे उपटत जिचा जन्म गेला, तिचाच फोटो झाडाला खिळे मारून! मी पक्कड घेऊन फाट्यावर गेले.

"आई, दहावा व्हायच्या आत फ्लेक्स उतरवायचा? लोक काय म्हणतील?"

"लोकांचं मी बघते. आत्या काय म्हणंल त्ये तू बघ."

चाळिशीला टेकलेला बाप्या, पण आत्याचं नाव काढल्यावर मुकाट्यानं स्टुलावर चढला. आता तो फ्लेक्स काथ्यानं दोन बांबूंना बांधलाय. ओठ मात्र गुलाबीच आहेत, त्याला माझा इलाज नाही.

तुम्ही माझ्या थोरल्या नणंद. मी लग्न होऊन वारूळवाडीत आले तेव्हा तुम्ही डिंभ्याकडं सासरी नांदत होतात. मला तुमची ओळख एवढीच, की सणाला माहेरी येणारी आणि माझ्या पुरणाला नावं ठेवणारी बाई. पुढं तुमच्या सासरचं शिवार धरणाच्या पाण्याखाली गेलं, यजमान मुंबईला बागखात्यात रोजंदारीवर लागले, आणि ते अचानक गेल्यावर त्यांच्या टोळीत तुम्ही जाऊन उभ्या राहिलात. राज्याच्या राजधानीतल्या रस्त्यांवरची झाडं जगवणारी टोळी. गावात मी सांगताना 'आमच्या वन्सं बागेच्या साहेबीण आहेत' असं सांगायचे. तुमच्या कानावर गेलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "साहेबीण न्हाई गं, पाणकी म्हण."

तुम्हाला एक गोष्ट सांगायची माझी राहिली. दोनच शब्दांची होती. पंधरा वर्षं ती माझ्या जिभेवर येऊन परत जात होती, आणि दर वेळी तिच्या जागी मी भलतंच काहीतरी बोलत होते. ती राहिली कशामुळं, ते आज सगळं लिहून काढते. तुम्हाला ठाऊक आहेच. पण तुम्हाला ठाऊक असलेली गोष्ट तुम्हालाच पुन्हा सांगायची खोड माझी जुनी आहे.

तेव्हाची मी आठवतेय ना? नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. नारायणगावच्या पट्ट्यात द्राक्षाच्या बागा नव्यानं उभ्या राहत होत्या आणि बाया कात्री धरायला शिकत होत्या. मी एका वर्षात शिकले आणि दुसऱ्या वर्षी शिकवायला लागले. जुन्नर-आंबेगावात इंदूसारखी छाटणी करणारी बाई नाही, असं चारी बाजूंना बोललं जायचं. बोलायची मीच, पण बोललं जायचं.

ज्यांनी बाग पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगते. द्राक्षाची वेल वर्षातून दोनदा छाटतात. उन्हाळ्यातली ती खरड छाटणी. तीत दयामाया नसते. काडीवर एक किंवा दोन डोळे ठेवायचे, डोळा म्हणजे जिथून नवी फूट निघते ती गाठ, आणि बाकी सगळं हिरवं जमिनीवर. पाहणाऱ्याला वाटतं, बाग मेली. पंधरा-वीस दिवसांत ती अशी फुटते की मेलेली कोण होती तेच कळत नाही.

त्या साली आमची खरड छाटणी उरकून मी माळशेजवरून येणाऱ्या एसटीनं तुमच्याकडं आले. दहा दिवसांसाठी. पिशवीत बाजरीचं पीठ, कुरडया आणि छाटणीची कात्री. तुमच्या भावानं विचारलं होतं, मुंबईला कात्री कशाला? मी म्हणाले, असावी. बेचाळीस वर्षांची घोडी होते मी, वन्सं, आणि कात्री जवळ नसली तर मुंबई मला ओळखणार नाही असं मला मनापासून वाटत होतं.

पहिल्याच दिवशी तुम्ही मला तुमचा रस्ता दाखवलात. समुद्राकडं जाणारा, दोन्ही अंगांना उंच इमारती, आणि डाव्या बाजूला ओळीनं तुमची ताम्हणाची नऊ झाडं. माणसाच्या दीडपट उंच झालेली. आळं कसं करायचं ते मला कुणी शिकवायची गरज नव्हती. पण आळ्यातून काय काय काढायचं असतं ते मी मुंबईतच पाहिलं. बाटल्यांची बुचं, निर्माल्य, बर्फाच्या गोळ्याच्या काड्या, एकदा तर कुणाची कवळी. बुंध्याला गच्च भिडवलेलं सिमेंट तुम्ही पहारेनं फोडायचात आणि फरशीवाल्याच्या सात पिढ्यांची विचारपूस करायचात. इस्त्रीवाल्यानं जाळीला बांधलेली दोरी सोडायची. क्लासच्या जाहिरातीचा पत्रा उतरवायचा. खिळा उपटून डब्यात टाकायचा. असे खिळ्यांचे तीन डबे होते तुमच्याकडं, पापडाच्या डब्याशेजारी ठेवलेले. आमच्याकडं झाड शेरडांपासून राखायचं, तुमच्याकडं माणसांपासून.

"वन्सं, ही फांदी दिव्याच्या खांबाला घासतीय. उडवू का?"

"हात लावू नको. अर्ज करावा लागतो."

"फांदीचा?"

"फांदीचाच. मग एक साहेब येतो, बघतो, लिव्हतो. मग दुसरा साहेब सही करतो. मग आमी येतो करवत घेऊन."

"तवर फांदी चार हात वाढती की!"

"मंग पुन्यांदा अर्ज. राजधानी हाय ही, इंदे. वारूळवाडी न्हाई."

मी लई हसले. एका सकाळीत दीडशे वेली मोकळ्या करणारी बाई मी, आणि इथं एका फांदीला दोन साहेब! तुमच्या त्या नऊ झाडांकडं मी छाटणीवालीच्या नजरेनं पाहिलं. माजलेली. कुठंही फुटलेली. आणि प्रत्येक शेंड्याला हिरव्या-तांबूस गाठींचे झुपके. मी मनाशी म्हटलं, रोग आहे. या मुंबईकरांना काय कळतंय!

चौथ्या दिवशी तुम्हाला हापिसातून बोलावणं आलं. नऊ वर्षं रोजंदारीवर काढल्यावर कायम होणाऱ्यांच्या यादीत तुमचं नाव लागलं होतं. कायम म्हणजे आजारपणाची रजा, म्हातारपणाची पेन्शन, आणि उद्या कामावर घेतील का नाही या रोजच्या काळजीतून सुटका. तुम्ही ठेवणीतलं पातळ नेसलात, कागदांची पिशवी तीनदा उघडून पाहिलीत आणि मला सांगून गेलात, "नवाच्या नवा झाडांना दोन-दोन बादल्या पाणी घाल. आनि दुसरं कायबी करू नको."

दुसरं काही करू नको, हे मला कुणी सांगूच नये.

पाणी घालून झालं. ऊन अजून कोवळं होतं. तुम्ही कायम होऊन परत याल तेव्हा तुमची झाडंही कशी तालीम केल्यासारखी उभी दिसली पाहिजेत, असं माझ्या मनात आलं. इस्त्रीवाल्याचं स्टूल मागून घेतलं. पहिल्या झाडाला दोन डोळ्यांवर छाटलं. मग दुसरं. हात एकदा लागला की थांबत नाही, तुम्हाला माहीत आहे. देवळापाशी गाय घेऊन बसणाऱ्या बाईकडून शेण आणलं, तिनं आधी माझ्या हातून गाईला घास घालून घेतला आणि मगच दिलं. त्या शेणात आळ्यातली माती कालवून प्रत्येक कापावर लेप दिला. फुटपाथवर माणसं थांबून बघत होती. मला वाटलं, कौतुक.

समोरच्या इमारतीतून एक चष्मेवाली बाई तरातरा खाली आली.

"अहो, हे काय चाललंय? कुणी सांगितलं तुम्हाला?"

"वरनं आर्डर हाय," मी म्हणाले.

तिनं खरंच वर पाहिलं.

नऊ झाडं तीन तासांत. फुटपाथवर पाल्याचा ढीग आणि ओळीनं नऊ दांडकी, टोकांना शेण फासलेली. मी पदरानं घाम पुसून तुमची वाट बघत उभी राहिले. शाबासकी घ्यायला, वन्सं! आजही ते आठवलं की घरात एकटी असले तरी पदर तोंडावर घेते.

तुम्ही आलात. "सगळा रोग काढला बघा," मी म्हणाले. कागदांची पिशवी काखेत तशीच, आणि तुम्ही त्या ढिगापाशी खाली बसलात. एक डहाळी उचललीत. तिच्या शेंड्याची एक गाठ अंगठ्याच्या नखानं फोडलीत आणि माझ्यापुढं धरलीत. आत जांभळ्या पाकळ्या होत्या, धुऊन पिळून ठेवलेल्या तलम कापडासारख्या चुरगळलेल्या.

"ह्यो रोग व्हय गं?"

पाच वर्षांची झाडं. पहिल्यांदाच कळ्या धरल्या होत्या त्यांनी. ती चष्मेवाली बाई, इस्त्रीवाला, तुमची टोळी, सगळा रस्ता त्या फुलांची वाट बघत होता, आणि मी एकटीच रोगावर इलाज करत होते.

"किती डोळं ठेवलंस?" तुम्ही विचारलंत.

"दोन."

"आनि तुझं सोताचं दोन कुठं ठिवलं व्हतंस?"

त्या वेळी मला हसू आलं नाही. आता येतं.

दुसऱ्या दिवशी साहेब येणार होते. तुम्ही मला खोलीत बसवून गेलात. "दारातबी उभी राहू नको." दुपारी परत आलात, तांब्याभर पाणी प्यायलात आणि सांगितलंत, "मी सांगितलं, मीच छाटली." साहेबांनी तुमच्या नावावर मेमो लिहिला होता. तुमचे कायमचे कागद बाजूला काढून ठेवले होते. झाडं फुटली तर कागद पुढं जातील, मेली तर रोजंदारीसुद्धा राहील की नाही सांगता येत नाही.

ते दोन शब्द मी तेव्हाच बोलायला हवे होते. चुकलं माझं. मी पायात चपला घालून हापिसात जायला हवं होतं, साहेबांना सांगायला हवं होतं, की ही अतिशहाणी बाई ती मी. माझं तोंड उघडलंसुद्धा. आणि काय बाहेर पडलं?

"संध्याकाळी भाकरी करू का भात लावू?"

तुम्ही म्हणालात, "भाकरी."

दहा दिवसांची मी दीड महिना राहिले. गावी निरोप धाडला, वन्संना बरं नाही. सकाळ-संध्याकाळ बादल्या वाहिल्या. आळी उकरली, पाचोळा अंथरला, वर ओलं पोतं. त्या वैशाखात मी राजधानीतल्या झाडाचं दुखणं शिकले. खालून माती दगडासारखी, वरून गाड्यांचा धूर, शेजारून कुणीतरी फडकं पिळून सोड्याचं पाणी ओतणार. तुम्ही चष्मेवालीच्या दारात जाऊन तिच्या नळाचं पाणी मागून घेतलंत. ती द्यायची, पण मला पाहिलं की दार लावून घ्यायची. टोळीतल्या बाया मला 'पावणी' म्हणायच्या आणि एकमेकींकडं बघून तोंडाला पदर लावायच्या. मला वाटायचं, माझ्या गावठी बोलण्याला हसतात.

रोज सकाळी मी प्रत्येक दांडक्याचे डोळे बघायचे. द्राक्षाचा डोळा फुगायला लागला की बोटाला कळतं. ही झाडं मात्र बोटाला काही सांगत नव्हती. दहा दिवस गेले. पंधरा गेले. तुम्ही शिव्या घालणंसुद्धा सोडलंत, म्हणजे प्रकरण खरंच वाईट असणार. त्या दिवसांत तुम्ही एकदाच काय ते बोललात. पाणी घालता घालता म्हणालात, "कायम झाले असते तर औंदा डिंभ्याला जाऊन तलावाकाठी दिवसभर नुसती बसणार व्हते. हाताला काम न्हाई, काय न्हाई." मी बादली घेऊन पुढच्या झाडाकडं पळाले.

मग अठराव्या की एकोणिसाव्या दिवशी इस्त्रीवाल्यापाशी असलेल्या झाडाच्या दांडक्यावर तांबूस ठिपका. बोट फिरवलं. फुगलेला. त्याच्या वर आणखी एक. मी भर रस्त्यात ओरडले,

"फुटलं! वन्सं, फुटलं!"

इस्त्रीवाला नळाकडं धावला. वॉचमन गच्चीवरच्या टाकीकडं बघायला लागला. एक रिक्षावाला खाली उतरून आपलं टायर दाबून बघू लागला. तुम्ही रस्त्याच्या त्या टोकाकडून पळत आलात, पदर कुठं, चप्पल कुठं, आणि त्या मुगाएवढ्या कोंबाकडं बघून मला पाठीत एक धपाटा घातलात. एवढ्या जोराचा, की हातात कात्री असती तर ती पायावर पडली असती. तो धपाटा म्हणजे माफी होती की शिक्षा, हे मी कधी विचारलं नाही.

आठ झाडं फुटली. नववं फुटलं नाही. मृगापर्यंत तुम्ही त्याला पाणी घातलंत, मग स्वतः खणून काढलंत आणि त्या जागी नवं रोप लावलंत. दिवाळीच्या सुमारास तुमचे कागद पुढं सरकले आणि तुम्ही कायम झालात. आणि पुढच्या वैशाखात मला पोस्टकार्ड आलं, टोळीतल्या कुणाकडून तरी लिहून घेतलेलं: 'झाडे फुलली. तुझा काही संबंध नाही. येऊन बघ.'

मी आणि तुमचे भाऊ आलो. काय फुलली होती ती झाडं! खालच्या फांदीपासून शेंड्यापर्यंत जांभळे तुरे, पान दिसत नव्हतं. ताम्हणाचं फूल नव्या फुटीवर येतं, आणि मी त्यांना फूटच फूट दिली होती. तिथंच, त्या झाडाखाली, आपलं भांडण सुरू झालं.

"बघा," मी म्हणाले, "छाटल्यामुळं फुलली."

"तुझ्यामुळं न्हाई. तू असूनबी फुलली."

"एवढी फुलं आली असती का माझ्या कात्रीशिवाय?"

"आनि नववं?"

नववं हा तुमचा हुकमाचा पत्ता. तो पडला की मी गप्प.

तुम्ही नोकरी संपवून वारूळवाडीला आमच्यात राहायला आलात, तर तेच भांडण सामान बांधून बरोबर घेऊन आलात. आमच्या बागेत खरड छाटणी लागली की तुम्ही बांधावर खुर्ची टाकून बसायच्या आणि गड्यांना सांगायच्या, "मालकिणीवर नजर ठिवा रं, रस्त्याकडच्या झाडाला हात घालील." शाळेपुढच्या बहाव्याला कुणी तार गुंडाळली, तर तुम्ही पक्कड घेऊन हेडमास्तरांच्या पुढ्यात. पिंपळवंडीला लग्नाला गेलो, तर मांडववाल्यानं आंब्याला मारलेला खिळा तुम्ही अक्षता पडायच्या आधी काढायला लावलात. एका बाजूनं मांडव खाली आला, नवरदेव वाचला. नात आम्हा दोघींना विचारायची, "आत्याआजी, खरं सांग, कुणामुळं फुलली?" तुम्ही म्हणायच्या, "देवामुळं. आनि देवाचं नाव इंदू न्हाई." एकदासुद्धा, गमतीतसुद्धा, तुम्ही मला थोडं श्रेय दिलं नाहीत. मीही ते दोन शब्द दिले नाहीत. तुम्ही आधी कबूल करा, मग मी करते, असा माझा आतल्या आत हिशेब. पन्नाशी गेली, साठीला आले, आजी झाले, तरी तशीच.

त्या सकाळी तुम्ही ओट्यावर उन्हात बसला होतात. छातीत जरा दुखतंय म्हणालात. पित्त असेल, म्हणालात. तुमच्या चेहऱ्याकडं पाहून मला काय झालं कोण जाणे, मी शेजारी टेकले आणि म्हणाले, "वन्सं, मला तुमाला एक सांगायचंय." तुम्ही माझ्याकडं पाहिलंत. वाट बघितलीत. आणि मी विचारलं, "चहात साखर घालू ना?"

तुम्ही हसलात. "घाल," म्हणालात. तो चहा तसाच राहिला.

दहाव्याला मीना नदीच्या घाटावर सगळा गाव होता. मी आधीपासून ठरवून ठेवलं होतं. पिंडाला कावळा शिवणार नाही, लोक पुढं होऊन एकेक बोली करतील, भाचा म्हणेल हे करीन, पुतण्या म्हणेल ते करीन, आणि कशालाच कावळा येणार नाही. मग मी पुढं होईन, हळूच ते दोन शब्द बोलेन, आणि तो झेपावेल. किती छान बेत होता! गुरुजींनी पिंड ठेवला, पाऊलभर मागं सरले, आणि कावळा आलासुद्धा. तीन आले. वन्सं, तुमची काहीच इच्छा राहिली नव्हती? माझ्यासाठी तरी थोडं ताटकळायचं होतं.

मग श्रद्धांजलीची भाषणं. एका पुढाऱ्यानं तुमच्याबद्दल 'कै. हौसाबाई यांनी मुंबईत शिक्षण क्षेत्रात मोलाचं कार्य केलं' असं सांगितलं. दुसऱ्यानं तुमच्या नावातला 'सा'च खाल्ला. माइकवाल्यानं रिवाजाप्रमाणं विचारलं, आणखी कुणाला बोलायचंय? आपल्याकडं त्या माइकवर बाया बोलत नाहीत. मी उठले. आमचे चिरंजीव पुटपुटले, "आई, बस ना." मी बसले नाही.

म्हणाले, "शिक्षण-बिक्षण काय न्हाई. आमच्या वन्संनी मुंबईत झाडं जगवली. आनि त्यातली नऊ मी छाटून टाकली. आळ त्यांनी सोताच्या नावावर घेतला. त्यांची नोकरी कायम व्हायची थांबली ती माझ्यामुळं. पंधरा वर्षं मी कुणाला सांगितलं न्हाई. एक झाड मेलं. चुकलं माझं."

तुमचे भाऊ माझ्याकडं बघत राहिले, कारण त्यांनाही मी आजवर सांगितलं होतं, की मुंबईच्या साहेबानं खास विनंती करून माझ्याकडून छाटणी करून घेतली.

आणि बायांच्या बाजूनं कुणीतरी खुदकन हसलं. मग आणखी कुणीतरी. तुमच्या टोळीतल्या बाया जीप करून आल्या होत्या, त्या चार-पाच जणी पदर तोंडात कोंबून गदागदा हसत होत्या. दहाव्याच्या घाटावर, वन्सं! भाषणं संपल्यावर त्यांतली लक्ष्मी माझ्यापाशी आली. तुमच्यानंतर तो रस्ता तिच्याकडं आहे.

"मावशी, आमाला पहिल्या दिवसापासनं माहीत हाय. टोळीत सगळ्यास्नी माहीत हाय. साहेबालाबी."

"साहेबाला?"

"साहेबानं विचारलं, कुणी छाटली? हौसामावशी म्हणाल्या, माझ्या भावजयीनं. साहेब म्हणाला, मग तिच्यावर तक्रार करावी लागंल. तवा त्या म्हणाल्या, तिचा हात म्हंजी माझाच हात, लिव्हा माझं नाव. साहेब म्हणाला, कायमचे कागद थांबतील. त्या म्हणाल्या, थांबू द्या."

माझ्या तोंडून नुसतं "आं?" निघालं. लक्ष्मीला वाटलं, मला ऐकू आलं नाही. ती आणखी मोठ्यानं बोलायला लागली, आणि मग सगळा घाटच ऐकायला लागला.

"पुढल्या वर्षी झाडं फुलली, तवा मावशी सोता साहेबाला वढून घेऊन आल्या. म्हणाल्या, मेमोत माझं नाव घातलं, बरूबर. आता ह्या फुलांवर माझ्या भावजयीचं घाला. असली छाटणी तुमच्या एकाबी पुस्तकात न्हाई, म्हणाल्या. साहेब हसला, पण पुढं दोन रस्त्यांवरच्या ताम्हणांस्नी आर्डर काढूनशान तशीच छाटणी दिली, फुलं झडल्यावर. तवापासनं आमच्यात त्याला भावजय-छाटणीच म्हणत्यात. नवीन पोरी येत्यात त्याबी इचारत्यात, बाई, ह्या झाडाला भावजय द्यायची का साधी?"

मी घाटाच्या पायरीवर बसले आणि हसायला लागले. मग हसता हसता जे व्हायचं ते झालं, आणि लक्ष्मीनं मला पाणी आणून दिलं.

म्हणजे तुम्ही हरला होतात! चौदा वर्षांपूर्वीच, झाडं पहिल्यांदा फुलली त्या वैशाखात. अख्ख्या राजधानीला सांगून मोकळ्या झालात, फक्त मला सोडून. आणि मला तोंडावर 'आनि नववं?' म्हणून गप्प करत राहिलात. मी ते दोन शब्द दाबून बसले होते आणि तुम्ही तेवढेच दाबून बसला होतात, एकाच ओट्यावर, एकाच उन्हात. दोघींतली कोण जास्त हट्टी, हा प्रश्न आता कुणी सोडवायचा?

काल दुपारी मी तुमच्या भावापुढं जेवणाचं ताट ठेवलं आणि मुद्दाम, खणखणीत आवाजात म्हणाले, "ती ताम्हणं माझ्यामुळंच फुलली."

ते म्हणाले, "बरं."

मी म्हणाले, "वन्संनी सोता कबूल केलंय."

ते म्हणाले, "बरं." आणि आमटी वाढून घेतली.

वन्सं, सांगा, या माणसाबरोबर मी आता उरलेला जन्म कसा भांडू?